कॅमेऱ्याच्या हाती लेखणी

पाउल वेगेनर १९१३ साली सिनेमात आला तेव्हा बर्लिनच्या डॉइचेस थिएटरमध्ये, माक्स राइनहार्टच्या नाटकमंडळीत, त्याचं नाव झालेलं होतं. कायद्याचा अभ्यास अर्धवट टाकून नट झालेला हा धिप्पाड माणूस. रंगभूमीवरच्या बऱ्याच मंडळींना सिनेमा तेव्हा जत्रेतला खेळ वाटे. वेगेनरला त्यात रंगमंचावर कधीच जमणार नाही असं काहीतरी दिसलं. एकच माणूस स्वतःशी पत्ते खेळतो आहे, अशी गमतीची छायाचित्रं त्याच्या पाहण्यात आली होती.

त्यांच्यावरूनच सुचलेल्या ‘प्रागचा विद्यार्थी’ या त्याच्या चित्रपटात गरीब बाल्डुइन पैशांसाठी आरशातलं आपलं प्रतिबिंब विकतो, आणि ते प्रतिबिंब आरशातून उतरून त्याच्या पाठी लागतं. पटकथा हान्स हाइन्झ एव्हर्सची. छायालेखक गिडो झेबर यानं एकाच फिल्मवर दोनदा चित्रण करून दोन वेगेनर समोरासमोर उभे केले. रिकाम्या जागेकडे बघून दचकायचं, मग तिथंच उभं राहून त्या दचकण्याला उत्तर द्यायचं: नटाला हे नवीनच होतं. युक्ती काढून घेतली तर ही कथाच उरत नाही. वेगेनरच्या विचाराचं बीज मला इथं दिसतं.

याच चित्रणासाठी प्रागमध्ये असताना ज्यू धर्मगुरू राब्बी लोव्ह आणि त्यानं घडवलेल्या मातीच्या माणसाची, गोलेमची, दंतकथा त्याच्या कानी आली. हेन्रिक गालेनबरोबर त्यानं ‘गोलेम’ लिहिला, तो १९१५ साली पडद्यावर आला. कथा मात्र त्यांनी आपल्या काळात आणली: खोदकामात पुतळा सापडतो, जुन्या वस्तूंचा व्यापारी तो विकत घेतो. आज त्या चित्रपटाचे तुकडेच शिल्लक आहेत.

मधल्या काळात वेगेनर युद्धावर जाऊन आला. १९१६ सालच्या एका व्याख्यानात त्यानं आपलं म्हणणं उघडपणे मांडलं. नाटक विसरा, कादंबरी विसरा. चित्रपटाचा खरा कवी कॅमेराच असला पाहिजे. पुढं जाऊन तो अशा चित्रपटाविषयी बोलला, ज्यात नटच नाही, केवळ हलणाऱ्या रेषा आणि आकार आहेत. एका नटानं हे सांगावं, याची मला फार गंमत वाटते. लोटे राइनिगर नावाची मुलगी त्याच्या विचारांनी भारली गेली. हामेलनच्या बासरीवाल्यावरच्या त्याच्या १९१८ सालच्या चित्रपटात लाकडी उंदीर एकेक चौकट करून हलवण्याच्या कामात ती होती; पुढं १९२६ मध्ये तिनं सबंध छायाचित्रपटच कागदी आकृत्यांतून उभा केला.

स्वतः वेगेनरनं १९२० मध्ये गोलेमची कथा पुन्हा लिहिली, या वेळी दंतकथेच्या मुळाशी जाऊन. वास्तुविशारद हान्स पोएल्झिगनं बर्लिनच्या टेम्पेलहोफमध्ये अख्खी वस्ती बांधली. वाकड्या भिंती, अणकुचीदार छपरं. कार्ल फ्रॉइंडच्या कॅमेऱ्यासमोर वेगेनरचा गोलेम त्या भिंतींतूनच निघालेला वाटतो: जड पावलं, मातीच्या केसांचा टोप आणि छातीवर जीव देणारा तारा. शेवटी एक लहान मुलगी त्याला सफरचंद देते, तो तिला उचलून घेतो, आणि खेळता खेळता ती तारा काढून घेते. नट इथं जवळजवळ वस्तू झाला आहे. व्याख्यानातला विचार त्यानं स्वतःच्याच अंगावर करून पाहिला, असं मी म्हणेन.

नंतर विचाराची ही वाट त्याच्यापुरती खुंटली. तो दुसऱ्यांच्या पटकथांतला भारदस्त चेहरा झाला. नाझी काळात प्रचारपटांतही त्यानं भूमिका केल्या. १९४५ च्या ‘कोल्बेर्ग’मध्ये शरणागतीकडे झुकणारा किल्लेदार त्याचाच. जो छातीवर तारा बसवील त्याचं ऐकणारा गोलेम इथं आठवतो खरा, पण ती तुलना फारच सोपी आहे. गोलेमला निवड नव्हती.

त्याच वर्षी सप्टेंबरात, पडलेल्या बर्लिनमध्ये, डॉइचेस थिएटरच्या रंगमंचावर तो लेसिंगच्या नाटकातला ज्यू नाथान म्हणून उभा राहिला. ते सगळं नाटक बोलण्यावर उभं आहे. १९४८ साली मृत्यू येईतो ती भूमिका त्यानं सोडली नाही.