वर्गीकरणातून निसटलेला विद्यार्थी

शैक्षणिक उद्दिष्टांचे वर्गीकरण ही कल्पना आज इतकी रूढ झाली आहे की, बी.एड.च्या छात्राध्यापकाच्या पाठ टाचणापासून अभियांत्रिकी महाविद्यालयाच्या प्रश्नपत्रिकेतील रकान्यांपर्यंत तिचा संचार आढळतो. मात्र ती मुळात कोणत्या गरजेतून जन्माला आली, याची चौकशी क्वचितच होते. १९४८ साली बोस्टन येथे अमेरिकन मानसशास्त्रज्ञांच्या संघटनेचे अधिवेशन भरले असता तेथे जमलेल्या काही विद्यापीठीय परीक्षकांनी एका अनौपचारिक बैठकीत आपली अगदी व्यावहारिक अडचण मांडली होती. प्रत्येक महाविद्यालय आपापल्या परीक्षांसाठी स्वतंत्र प्रश्न तयार करत असे आणि त्यात अफाट श्रम खर्ची पडत. चांगल्या प्रश्नांची परस्परांत देवघेव करावी असे सर्वांना वाटे, परंतु ‘विद्यार्थ्याला विषय समजला पाहिजे’ या वाक्याने एका परीक्षकाला जे अभिप्रेत असे ते दुसऱ्याला असेलच याची खात्री नव्हती. देवघेवीसाठी आधी समान परिभाषा हवी होती, आणि ती सिद्ध करण्याचे काम शिकागो विद्यापीठाच्या परीक्षा विभागात काम करणाऱ्या बेंजामिन ब्लूम यांच्या नेतृत्वाखाली पुढील काही वर्षे चालले. मॅक्स एंगलहार्ट, एडवर्ड फर्स्ट, वॉकर हिल आणि डेव्हिड क्राथवोल या सहकाऱ्यांसह ब्लूम यांनी संपादित केलेला ग्रंथ १९५६ मध्ये प्रसिद्ध झाला. म्हणजे ज्याला आज अध्यापनशास्त्राचा पाया मानले जाते, ते लेखन प्रथमतः परीक्षकांनी परीक्षकांसाठी केलेले होते.

या ग्रंथामागे राल्फ टायलर यांचा विचार उभा होता आणि ग्रंथ त्यांनाच अर्पण केलेला आहे. शिक्षणाचे उद्दिष्ट म्हणजे शिकवायच्या मजकुराची यादी नव्हे, शिकणाऱ्याच्या वर्तनात घडवून आणावयाचा बदल होय, आणि परीक्षेने तो बदल घडला की नाही याचाच पुरावा शोधावा, असे टायलर यांचे प्रतिपादन होते. त्याला अनुसरून ब्लूम यांच्या गटाने बौद्धिक वर्तनाचे सहा वर्ग कल्पिले : ज्ञान, आकलन, उपयोजन, विश्लेषण, संश्लेषण आणि मूल्यमापन. मराठी वाचकाला परिचित असा पर्जन्यछायेचा घटक घेतला, तर या वर्गांमधील अंतर स्पष्ट होते. पर्जन्यछायेच्या प्रदेशाची व्याख्या सांगणे हे ज्ञान, म्हणजे शिकलेले आठवणे. महाबळेश्वरला वर्षाकाठी पाच हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडत असताना जवळच घाटाच्या पायथ्याशी असलेल्या वाईच्या वाट्याला त्याचा लहानसा हिस्साच का येतो, हे स्वतःच्या शब्दांत उलगडणे हे आकलन. पूर्वी न पाहिलेल्या एखाद्या बेटाच्या नकाशावर केवळ पर्वतरांग आणि वाऱ्याची दिशा दाखवली असता कोरडा भाग नेमका ओळखणे हे उपयोजन, कारण तेथे कोणते तत्त्व लावायचे हे कोणी सांगितलेले नसते. झाडे तोडल्यामुळेच पूर्वेकडील तालुके कोरडे राहिले असे सांगणाऱ्या लेखातील गृहीतके, पुरावा आणि निष्कर्ष वेगळे काढणे हे विश्लेषण. उपलब्ध माहितीतून अशा तालुक्यासाठी पाणी साठवण्याची सुसंगत योजना आखणे, म्हणजे विखुरलेल्या घटकांतून नवे एकसंध काही उभे करणे, हे संश्लेषण. आणि दोन योजनांची तुलना खर्च, टिकाऊपणा, न्याय्य वाटप अशा स्पष्ट निकषांवर करून निर्णय देणे हे मूल्यमापन. प्रत्येक वरचा वर्ग खालच्या वर्गांना पोटात घेतो, अशी यामागील कल्पना होती. म्हणजे विश्लेषण करणाऱ्याला उपयोजन येतच असते असे मानले गेले. पुढील संशोधनात ही उतरंड खालच्या तीन-चार पायऱ्यांपर्यंत बऱ्यापैकी टिकली, पण वरच्या टोकाला ती डळमळीत आढळली.

१९६४ मध्ये भावात्मक क्षेत्राचा, म्हणजे अभिरुची, वृत्ती आणि मूल्ये यांचा, दुसरा खंड निघाला. शारीरिक कौशल्यांच्या क्रियात्मक क्षेत्राचा खंड मात्र या गटाकडून आला नाही. ती उणीव इतरांनी भरून काढली आणि त्यांपैकी सर्वाधिक प्रचारात आलेली एक मांडणी, अनुकरणापासून सहजतेपर्यंतच्या पाच पायऱ्यांची, ब्लूम यांच्याच विद्यापीठात संशोधन केलेल्या रवींद्र दवे या भारतीय शिक्षणतज्ज्ञाची आहे, ही गोष्ट आपल्या अध्यापक महाविद्यालयांत अधिक अभिमानाने सांगितली जायला हरकत नाही.

मूळ ग्रंथातील सर्वांत महत्त्वाचे विधान मात्र या सहा नावांच्या प्रसिद्धीखाली झाकले गेले. एखादा प्रश्न कोणत्या वर्गात बसतो हे ठरवण्यासाठी विद्यार्थ्याचा पूर्वीचा शैक्षणिक अनुभव ठाऊक असला पाहिजे, किंवा निदान त्याविषयी काही गृहीत धरले पाहिजे, असे ग्रंथकर्त्यांनी बजावले होते; कारण एकच प्रश्न एका विद्यार्थ्याला विचार करायला लावतो, तर दुसऱ्याकडून केवळ आठवण मागतो. ‘१७६१ च्या पानिपतच्या लढाईतील मराठ्यांच्या पराभवाची कारणमीमांसा करा’ हा प्रश्न वाचताच कोणीही तो विश्लेषणाच्या खान्यात टाकील. ज्या विद्यार्थ्यासमोर रसदीची कोंडी, सैन्यासोबतचा बुणग्यांचा भार, उत्तरेतील राजकीय एकाकीपणा आणि तोफखाना व घोडदळ यांच्यातील विस्कळीत मेळ यांचे कच्चे तपशील ठेवले आहेत आणि ज्याला त्यांतून कार्यकारणाची साखळी स्वतः जुळवायची आहे, त्याच्यासाठी तो खरोखर विश्लेषणाचाच प्रश्न आहे. परंतु ज्याने गाईडमधील सहा मुद्दे क्रमवारीने पाठ केले आहेत, त्याच्यासाठी तो शुद्ध स्मरणाचा प्रश्न आहे आणि त्याचे उत्तर बहुधा पहिल्यापेक्षा अधिक नीटनेटके असते. उलटपक्षी, ‘सांगा’ या साध्या क्रियापदाने संपणारा प्रश्नही कधी कधी फार खोल जातो. पेल्यातील पाण्यावर तरंगणारा बर्फाचा खडा पूर्ण वितळल्यावर पाण्याची पातळी वाढेल की तेवढीच राहील ते सांगा, असे उत्प्लावकतेचा नियम नुकताच शिकलेल्या पण हे उदाहरण कधीही न ऐकलेल्या मुलाला विचारले, तर त्याला तो नियम नव्या परिस्थितीत राबवावाच लागतो. तात्पर्य, पातळी प्रश्नाच्या शब्दांत वसत नाही. ती प्रश्न आणि शिकणाऱ्याचा भूतकाळ यांच्या संबंधात असते. हा संबंध नजरेआड झाला की वर्गीकरणाचे उरते ते क्रियापदांचे कोष्टक, आणि ‘विश्लेषण करा’, ‘समीक्षा करा’ असे शब्द पेरले म्हणजे विचार पिकतो, असा भाबडा समज पसरतो.

भारतात हे वर्गीकरण आश्चर्यकारक वेगाने पोहोचले. परीक्षांच्या वर्चस्वाविषयीची तक्रार येथे जुनीच होती आणि १९४८-४९ च्या राधाकृष्णन आयोगाने विद्यापीठीय शिक्षणात एकच सुधारणा सुचवायची झाल्यास ती परीक्षापद्धतीची असावी, अशा आशयाचे मत नोंदवले होते. ग्रंथ प्रसिद्ध झाल्यानंतर लगेच, १९५७ मध्ये, स्वतः ब्लूम भारतात आले आणि त्यांनी मूल्यमापनाविषयी कार्यशाळा घेतल्या. पाठोपाठ केंद्रीय पातळीवर परीक्षा सुधारणेचा स्वतंत्र विभाग स्थापन झाला आणि १९६१ मध्ये राष्ट्रीय शैक्षणिक संशोधन व प्रशिक्षण परिषद अस्तित्वात आल्यावर ते काम तिच्याकडे गेले. शालेय व्यवहारात सहा वर्गांचे आटोपशीर रूपांतर होऊन ज्ञान, आकलन, उपयोजन आणि कौशल्य ही चौकडी स्थिरावली. महाराष्ट्रातील छात्राध्यापकांच्या पिढ्यांनी याच चौकडीनुसार उद्दिष्टे आणि त्यांची स्पष्टीकरणे लिहिली, घटक चाचणीसाठी संविधान तक्ता, म्हणजे उद्दिष्ट, आशय आणि प्रश्नप्रकार यांना किती गुण द्यायचे याचा आराखडा, आखला आणि त्यातील बेरजा उभ्या-आडव्या जुळवण्यात रात्री घालवल्या. विश्लेषण, संश्लेषण आणि मूल्यमापन हे तीन वर्ग या प्रवासात जवळजवळ गळून पडले, ही गोष्ट खटकणारी आहे. त्याहूनही खटकते ते असे की, परीक्षक आणि शिक्षक यांची येथे पूर्ण फारकत असल्यामुळे विद्यार्थ्याच्या पूर्वानुभवाची अट पाळणे शक्यच नव्हते. राज्यभर लाखो विद्यार्थ्यांसाठी एकच प्रश्नपत्रिका काढणाऱ्याला कोणत्या वर्गात काय शिकवले गेले आणि काय घोकून घेतले गेले, हे कळणार कसे?

महाराष्ट्रातील माध्यमिक परीक्षांत भाषा विषयांसाठी प्रश्नपत्रिकेऐवजी कृतिपत्रिका आली, तेव्हा या कोंडीतून वाट काढण्याचा प्रामाणिक प्रयत्न झाला होता. अपठित उतारा, स्वमत, रसग्रहण, अभिव्यक्ती या कृतींची रचनाच अशी की, विद्यार्थ्याने स्वतःचे काही मांडावे. अपठित उताऱ्याने ती अपेक्षा बऱ्याच अंशी पूर्ण केली, कारण तो उतारा खरोखरच कोणी आधी पाहिलेला नसतो. स्वमताचे मात्र लवकरच तयार नमुने बाजारात आले आणि स्वतःचे मत दुसऱ्याच्या शब्दांत पाठ करण्याची विलक्षण कला विद्यार्थ्यांनी आत्मसात केली. याचा दोष त्या विद्यार्थ्यांना देणे अन्यायाचे होईल. प्रश्नाचा साचा एकदा ठरला आणि जाहीर झाला की, त्याची पातळी वर्षागणिक खाली सरकत जाते. प्रश्न तोच राहतो, बदलतो तो त्याला सामोरा जाणारा पूर्वतयार विद्यार्थी.

वर्गीकरणाचा दुसरा विपर्यास त्रिकोणाकृती चित्रातून झाला. ज्ञान तळाशी आणि मूल्यमापन शिखरावर दाखवणारा तो पिरॅमिड आज प्रशिक्षणवर्गांतून सर्वत्र झळकतो, पण १९५६ च्या ग्रंथात तो नाही. या चित्रामुळे तळाचा थर म्हणजे हलक्या प्रतीचे काम आणि ते लवकर उरकून शिखराकडे धाव घ्यावी, असा अर्थ रुजला. वास्तविक विचार हा कशाचा तरी विचार असतो. बुद्धिबळपटूंवर विल्यम चेस आणि हर्बर्ट सायमन यांनी केलेल्या व १९७३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत, खऱ्या डावातील मांडणी क्षणभर पाहून निष्णात खेळाडूने ती नवशिक्यापेक्षा कितीतरी अचूकपणे पुन्हा उभी केली, परंतु सोंगट्या वाटेल तशा मांडल्यावर त्याचे हे श्रेष्ठत्व जवळजवळ नाहीसे झाले. निष्णाताचे सामर्थ्य केवळ विषयनिरपेक्ष अशा तल्लख बुद्धीत नव्हते. साठवलेल्या असंख्य अर्थपूर्ण आकृतिबंधांत ते होते. पावकी, निमकी, दिडकी आणि औटकी मुखोद्गत असलेल्या जुन्या पिढीची आज चेष्टा होते, परंतु ज्या मुलाला साधे पाढे आठवण्यातच लक्ष खर्च करावे लागते, त्याच्याकडे गुणोत्तराच्या उदाहरणातील संबंध न्याहाळण्यासाठी फारसे लक्ष उरत नाही. घोकंपट्टीचा तिरस्कार करता करता स्मरणाचाच तिरस्कार करणे ही आपल्याकडील सुधारणावाद्यांची मोठी चूक आहे.

लोरिन अँडरसन आणि डेव्हिड क्राथवोल यांच्या गटाने २००१ मध्ये केलेल्या सुधारित मांडणीने या चुकीवर काही प्रमाणात उपाय केला. संश्लेषणाची जागा सर्जनाने घेतली व ते मूल्यमापनाच्याही वर गेले, हा बदल सर्वांना ठाऊक आहे; पण महत्त्वाचा बदल असा की, ज्ञानाला उतरंडीच्या तळातून उचलून स्वतंत्र परिमाण देण्यात आले. तथ्यात्मक, संकल्पनात्मक, प्रक्रियात्मक आणि स्वतःच्या विचारप्रक्रियेचे भान देणारे अधिबोधात्मक, असे ज्ञानाचे चार प्रकार एका बाजूला आणि स्मरण ते सर्जन या सहा बोधप्रक्रिया दुसऱ्या बाजूला, अशी चोवीस चौकोनांची सारणी त्यातून तयार झाली. स्मरणसुद्धा संकल्पनेचे असू शकते आणि सर्जनालाही तथ्ये लागतात, हे त्यामुळे उघड झाले. तरी वर्गीकरण व्हायचे ते उद्दिष्टाचेच. विद्यार्थी अजून सारणीच्या बाहेरच होता.

त्याला आत आणण्याचे श्रेय जॉन बिग्ज आणि केव्हिन कॉलिस यांना द्यावे लागते. १९८२ मध्ये त्यांनी मांडलेल्या पद्धतीत प्रश्नाऐवजी उत्तराची रचना पाहिली जाते. पानिपतच्या प्रश्नाला एखादा विद्यार्थी विषय सोडून भलतेच लिहितो. दुसरा रसदीचा एकच मुद्दा पकडतो. तिसरा पाच मुद्दे देतो, पण ते सुटे राहतात. चौथा एकाकीपणामुळे रसद तुटली आणि रसद तुटल्यामुळे उघड्या मैदानावर लढाई अपरिहार्य झाली, असा त्यांतील संबंध दाखवतो. तर पाचवा त्यावरून दूरवरच्या मोहिमा आणि पुरवठा यांच्याविषयी सर्वसाधारण विधान करून ते दुसऱ्या युद्धाला लावून पाहतो. एकाच प्रश्नातून या पाचही पातळ्या हाती येतात आणि सहा सुटे मुद्दे हे चार सांधलेल्या मुद्द्यांपेक्षा खालचे ठरतात. मुद्द्यागणिक गुण देणाऱ्या आपल्या आदर्श उत्तरपत्रिकांना हा हिशेब मानवणारा नाही, म्हणूनच कदाचित ही पद्धत ब्लूम यांच्या पायऱ्यांइतकी येथे रुजली नाही.

दरम्यान, वर्गीकरणाने उच्च शिक्षणात प्रशासकीय रूप धारण केले आहे. २०१४ मध्ये भारत वॉशिंग्टन कराराचा पूर्ण सदस्य झाल्यानंतर अभियांत्रिकी पदव्यांच्या मूल्यांकनात फलनिष्पत्तीवर भर आला आणि २०१८ मध्ये अखिल भारतीय तंत्रशिक्षण परिषदेने परीक्षा सुधारणेचे धोरण जाहीर करताना ब्लूम यांच्या पातळ्यांचाच आधार घेतला. आता अनेक प्रश्नपत्रिकांत प्रत्येक प्रश्नापुढे गुणांच्या शेजारी पातळीचा क्रमांक छापलेला असतो. हेतू स्तुत्य असला, तरी मागील तीन परीक्षांत जसाच्या तसा विचारलेला प्रश्न चौथ्या वेळी ‘पातळी ४’ म्हणून छापला जातो, तेव्हा त्या क्रमांकाला समितीच्या समाधानापलीकडे काही अर्थ उरत नाही. पतंजलीने महाभाष्यात विद्या चार काळांत उपयुक्त होते असे सांगितले आहे : गुरूकडून ग्रहण, स्वतःचे अध्ययन, अध्यापन आणि व्यवहार. ती ब्लूम यांची पूर्वपीठिका आहे असा दावा करण्याचा मोह टाळलेला बरा, कारण तेथे प्रश्नांची वर्गवारी अभिप्रेतच नाही. मात्र तेथे मोजमाप आहे ते शिकणाऱ्याच्या वाटचालीचे, कागदाचे नव्हे, एवढा फरक नोंदवण्याजोगा आहे.

शाळा, परीक्षा मंडळे आणि विद्यापीठे यांना यासाठी नवे वर्गीकरण शोधण्याची आवश्यकता नाही. प्रचलित संविधान तक्त्यात आणखी एक रकाना वाढवावा आणि त्यात प्रत्येक प्रश्नापुढे, हा प्रश्न किंवा त्याचे तयार उत्तर पाठ्यपुस्तकात, मागील प्रश्नपत्रिकांत अथवा प्रचलित अपेक्षित प्रश्नसंचांत विद्यार्थ्याने आधी पाहिले असण्याचा संभव आहे काय, याची नोंद करणे प्रश्नपत्रिका काढणाऱ्यावर बंधनकारक करावे. आणि जेथे उत्तर होकारार्थी असेल, तेथे क्रियापद कोणतेही असले तरी त्या प्रश्नाचे गुण स्मरणाच्या खात्यात धरावेत.