हितकर असत्य

एखादी समजूत खोटी आहे, परंतु तिच्या धाकाने माणसे संकटापासून दूर राहतात. अशी समजूत विचारी माणसाने मोडावी, की तशीच राहू द्यावी? मुलाने विहिरीत डोकावू नये म्हणून विहिरीत बागुलबुवा बसविणारी आई या प्रश्नाचे उत्तर क्षणात देऊन टाकते. पण मूल मोठे होते, बागुलबुवा नाहीसा होतो, आणि विहीर मात्र होती तेवढीच खोल राहते. म्हणून आईचे हे उत्तर कोठवर पुरते, याचा विचार करणे आम्हांस अगत्याचे वाटते.

मालवणच्या किनाऱ्यावर हा प्रश्न फार ठळकपणे उभा राहतो. पाण्यात बुडून मेलेला मनुष्य गिऱ्हा होतो, पाण्यातच वास करतो, आणि रात्री येणाऱ्याजाणाऱ्यास भुलवून खोल पाण्यात नेतो, अशी कोकणातील जुनी समजूत आहे. मालवणी बोलीत त्यालाच गिरो म्हणतात. नाशिकचे कलेक्टर जॅक्सन यांनी जमविलेल्या सामग्रीवरून एन्थोवेन यांनी १९१५ साली कोकणच्या लोकसमजुतींवर जो ग्रंथ सिद्ध केला, त्यात इतर भुताखेतांबरोबर गिऱ्ह्याचीही नोंद आहे.

या समजुतीस समुद्र स्वतःच साक्ष देतो असे कधी कधी भासते. काही रात्री लाट फुटताच निळसर उजेडाने पेटते. ओल्या वाळूवर पाऊल टाकावे तो पावलाभोवती ठिणग्या उठतात. पाहणाऱ्याच्या अंगावर काटा उभा राहिल्यास नवल नाही. परंतु हा उजेड बहुधा नॉक्टिल्युका नावाच्या सूक्ष्म एकपेशीय जीवांचा असतो. पाणी ढवळले की त्यांच्या शरीरात रासायनिक क्रिया घडून क्षणभर प्रकाश पडतो. त्यांची संख्या बेसुमार वाढली तर पाण्यातील प्राणवायू घटून मासळीस अपाय होतो, हे खरे. पण माणसाला ओढून नेण्याची शक्ती त्या प्रकाशात नाही.

मग किनाऱ्याजवळ चांगले पोहणारेही कशाने बुडतात? फुटणाऱ्या लाटा पाणी सारखे किनाऱ्याकडे लोटीत असतात. ते पाणी परतण्यास वाट शोधते, आणि वाळूच्या बुडीत बांधात जेथे खिंड सापडेल तेथून अरुंद प्रवाह होऊन समुद्राकडे धावते. त्याचा वेग क्वचित सेकंदास दोन मीटरपर्यंतही जातो. त्यापुढे पट्टीच्या पोहणाऱ्याचेही काही चालत नाही. विशेष हे की, त्या वाटेवर लाटा कमी फुटतात, फेस थोडा असतो, आणि पाणी गडद व शांत दिसते. नवखा मनुष्य सुरक्षित म्हणून नेमकी तीच जागा निवडतो. हा प्रवाह पाय धरून कोणास तळाशी नेत नाही. तो बाहेर नेतो, आणि लाटा फुटण्याच्या रेषेपलीकडे त्याचा जोर ओसरतो. त्याच्याशी झुंजत सरळ किनारा गाठू पाहणारा दमून बुडतो; तरंगत राहून धीर धरणारा, किंवा किनाऱ्यास समांतर पोहत प्रवाहाबाहेर पडणारा, वाचण्याचा संभव पुष्कळ असतो.

सारांश, जे भयंकर दिसते ते माणसास निरुपद्रवी, आणि जे घातक ते शांत दिसणारे. हितकर म्हटलेल्या असत्याचा दोष येथे उघडा पडतो. ते भय देते, पण त्या भयाची दिशा चुकविते. गिऱ्ह्यास भिणारा मनुष्य रात्री पाण्यापासून दूर राहील. भर दुपारी त्या शांत पाण्यात उतरताना त्याचे भय त्यास एक अक्षरही सांगणार नाही. शिवाय या समजुतीत एक अन्यायही आहे. जो बिचारा बुडाला, ज्याच्या घरची माणसे अजून दाराकडे डोळे लावून बसली आहेत, त्यालाच ती जिवंतांचा वैरी ठरविते.

तथापि, ‘गिऱ्हा वगैरे काही नाही’ एवढे सांगून जो सुधारक मोकळा होतो, त्याचेही काम अर्धेच झाले. भय काढून घेतले आणि त्या जागी ज्ञान ठेवले नाही, तर मनुष्य पूर्वीपेक्षा अधिक उघडा पडतो. १५ एप्रिल २०१७ रोजी मालवणजवळ वायरीच्या किनाऱ्यावर बेळगावहून सहलीस आलेल्या मंडळींपैकी आठ जण बुडाले. घाटावरून येणाऱ्या पाहुण्यास गिऱ्ह्याचे नाव ठाऊक नसते, आणि पाण्याची वाटही ठाऊक नसते. त्यास जुन्या भयाचा आधार नाही व नव्या ज्ञानाचाही नाही.

या दोहोंपेक्षा निराळी अशी एक वृत्ती याच किनाऱ्यावर आहे. नारळी पौर्णिमेस समुद्रास नारळ अर्पण करावा व मगच नाव लोटावी, अशी तेथील मच्छीमारांची परंपरा आहे. तीत भय आहे. पण ते भुताचे नसून पावसाळी वाऱ्याचे व खवळलेल्या दर्याचे आहे. कारण समजल्यावरही जे भय उरते, किंबहुना अधिक नेमके होते, त्यास आम्ही आदर म्हणतो. असत्य राखून हा आदर निर्माण होत नाही, आणि केवळ असत्य मोडूनही होत नाही. ज्याने मुलाच्या मनातून गिऱ्हा काढला, त्यानेच त्याचा हात धरून ते फेस नसलेले पाणी दाखविले पाहिजे. आणि किनाऱ्यावरील एखादा गाबीत ‘येथे उतरू नका’ म्हणाला, तर आधी पाण्याबाहेर यावे. कारण मागाहून विचारावे.