फलत्याग कोणी करायचा?

टेनिसच्या ग्रँड स्लॅम स्पर्धेत एकेरीच्या मुख्य फेरीत 128 खेळाडू उतरतात आणि 127 हरून परततात. विजेतेपदावरच सार्थकता मोजायची तर जवळजवळ सगळा खेळ व्यर्थ ठरतो. म्हणून खालच्या क्रमांकाच्या खेळाडूला धीर देताना गीतेचा निष्काम कर्मयोग आपल्याला सहज आठवतो. तो विचार खराच आहे. प्रश्न एवढाच, की तो कोणी कोणाला सांगावा?

सुमित नागल सप्टेंबर 2023 मध्ये एकेरीतला भारताचा अव्वल खेळाडू होता. प्रशिक्षण आणि प्रवासाचा खर्च भागवल्यावर खात्यात सुमारे 900 युरो उरल्याचे त्याने तेव्हा उघडपणे सांगितले. चारच महिन्यांनी ऑस्ट्रेलियन ओपनमध्ये पात्रता फेरीतून येऊन त्याने 31व्या मानांकित अलेक्झांडर बुब्लिकला हरवले. ग्रँड स्लॅम एकेरीत मानांकित खेळाडूला नमवणारा तो 1989 मधल्या रमेश कृष्णननंतरचा पहिला भारतीय पुरुष. जानेवारीत हा विजय मिळवणारा खेळाडू सप्टेंबरात काही वेगळा नव्हता. गीतेचा अठरावा अध्याय कर्मसिद्धीची पाच कारणे सांगतो: अधिष्ठान, कर्ता, करण, चेष्टा आणि दैव. कर्ता त्यांतला फक्त एक. म्हणूनच फळावरून स्वतःची किंमत ठरवू नये, हे खेळाडूने मनाशी धरणे शहाणपणाचे आहे. पण करण, म्हणजे साधने, टेनिसमध्ये विकत घ्यावी लागतात. प्रशिक्षक, फिजिओ, विमानाचे तिकीट यांना पैसे लागतात आणि तो पैसा कसा वाटायचा हे खेळ चालवणारे ठरवतात. 2018 च्या स्वतंत्र चौकशी समितीला आढळले, की सुमारे 15,000 व्यावसायिक खेळाडूंपैकी जेमतेम 250 ते 350 जणांचाच खर्च कमाईतून निघतो. साधने ज्यांच्या हाती, त्यांनीच कर्त्याला अनासक्ती शिकवणे हा तत्त्वज्ञानाचा गैरवापर आहे.

यावर कोणी म्हणेल, हा धंदा खेळाडूने स्वेच्छेने निवडला आणि प्रेक्षक पैसे मोजतात ते विजेत्याला पाहण्यासाठी. पण हरणाऱ्या 127 जणांशिवाय विजेता घडतच नाही. त्याचे यश सामुदायिक श्रमातून उभे राहते. ज्यांच्याकडून मिळाले त्यांना वाटा न देता उपभोग घेणाऱ्याला गीतेचा तिसरा अध्याय चोर म्हणतो. दुसरा आक्षेप असा, की उत्पन्नाची हमी मिळाली तर जिद्द मरेल. पुरुष टेनिसची संघटना एटीपीने 2024 पासून पहिल्या 250 खेळाडूंना किमान उत्पन्नाची हमी दिली आहे, पण त्या 250 मधली जागा खेळूनच राखावी लागते. हमीने फक्त उपासमारीची भीती जाते, आणि ती गेल्याशिवाय फळावरची नजर हटणे बहुतेकांना शक्य नसते.

फलत्याग हे ज्याचे त्याने स्वतःहून घ्यायचे व्रत आहे. दुसऱ्याच्या वतीने ते घेण्याचा अधिकार कोणालाच नाही. म्हणून खालच्या क्रमांकाच्या खेळाडूला गीता ऐकवण्याआधी त्याच्या वाटणीचे त्याला द्यावे. त्या फळाचे काय करायचे, हे मग तोच ठरवील.