लमाणाची जबाबदारी

कासारवाडीच्या एखाद्या वर्कशॉपमध्ये लेथवर सुटा भाग घडवणाऱ्या कामगाराला तो भाग शेवटी कोणत्या यंत्रात बसणार हे पुष्कळदा ठाऊक नसते. त्या यंत्राच्या परिणामांबद्दल आपण त्याला जाब विचारत नाही. नटालाही हीच सवलत देता येईल काय? डॉ. श्रीराम लागू (१९२७–२०१९) यांच्या कारकिर्दीसंदर्भात हा प्रश्न टाळता येत नाही. कान-नाक-घशाचे शल्यविशारद असलेल्या लागूंनी १९६९ मध्ये वैद्यकी सोडून नटाचा पेशा पत्करला, आणि पुढे आत्मकथनाला ‘लमाण’ हे नाव दिले. लमाण इकडचा माल तिकडे नेतो. माल त्याचा नसतो. लेखकाचा आशय प्रेक्षकांपर्यंत वाहून नेणे, एवढाच नटाचा अधिकार, अशी ही भूमिका.

तिच्यातील नम्रता अस्सल आहे. ती पुरेशी आहे काय, हे मात्र तपासावे लागते. ‘नटसम्राट’ (१९७०) मधील, विधात्याला उद्देशून बोलणारा बेलवलकर एका कट्टर निरीश्वरवादी नटाने उभा केला, यात फारसा पेच नाही. पात्राची श्रद्धा पात्रापाशी. पेच आहे तो व्ही. शांताराम यांच्या ‘पिंजरा’ (१९७२) मध्ये. तमासगिरणीच्या मोहात पडलेल्या मास्तरांना गाव मृत समजते, त्यांचा पुतळा उभारून पूजते. आणि पुढे ओळख हरवलेल्या मास्तरांवर त्या आदर्श मास्तरांच्याच खुनाचा आरोप येतो. खरे सांगितले तर जीव वाचेल, पण गावाची श्रद्धा मोडेल. मास्तर फाशी पत्करतात. म्हणजे लोकांना सावरणारे असत्य सत्याहून मोलाचे, असा हा निवाडा आहे, आणि लागूंच्या अभिनयाने त्याला हौतात्म्याचे तेज दिले. सुमार नटाच्या हाती तो भाबडा मेलोड्रामा ठरला असता. तेव्हा वाहताना मालाचे वजन वाढले, हे मान्य करायला हवे. लमाणाचे रूपक नेमके इथे तोकडे पडते.

हेच लागू लेखांतून आणि व्यासपीठांवरून देवाला निवृत्त करा असे सांगत राहिले. डॉ. नरेंद्र दाभोलकरांबरोबरच्या जाहीर वादसंवादातही ते देवाच्या प्रश्नावर दाभोलकरांच्या चळवळीहून अधिक टोकाची भूमिका घेत. दिलासा देणारे असत्य त्यांना मुळीच क्षम्य नव्हते. याला दुटप्पीपणा म्हणणे उथळपणाचे होईल, कारण त्यांनी दोन्हीकडे स्वतःला पूर्णपणे खर्ची घातले. परंतु लेखक लागू आणि नट लागू यांचे हिशेब वेगळे ठेवता येतील, असेही नाही. ईश्वर नाकारणारा हा माणूस काय म्हणतो ते ऐकायला आलेल्या श्रोत्यांपैकी कित्येकांच्या मनात त्याचा पहिला चेहरा मास्तरांचाच होता. मूर्ती फोडा असे सांगण्याचा त्याचा अधिकार काही अंशी, पडद्यावर त्याने प्राण देऊन राखलेल्या त्या मूर्तीकडूनच आला होता.