कापडी अस्वल आणि खरा दिलासा



लहान मूल असलेल्या आपल्या बहुतेक घरांत आज एखादे तरी टेडी बेअर असते. कोणी बाप्तिस्म्याला दिलेले, कोणी वाढदिवसाला आणलेले, कोणी आखातातून येताना बॅगेत कोंबून आणलेले. मूल त्याला नाव ठेवते, आपल्या ताटातला घास भरवते, त्याच्यावर रागावते आणि रात्री त्यालाच कुशीत घेऊन झोपते. ते धुवायला टाकले की घरात रडारड होते. आपल्याला गंमत वाटते. पण मूल सात-आठ वर्षांचे झाले की आपण म्हणू लागतो, "एवढा मोठा झालास, आता सोड ते अस्वल!"

या सहज बोलण्यामागे एक गंभीर प्रश्न दडलेला आहे. ज्या वस्तूला जीव नाही, जिला आपले दुःख कळत नाही, तिच्याकडून मिळणारा दिलासा खरा की खोटा? तो खोटा असेल तर मुलाला त्यातून बाहेर काढणे हे आपले कर्तव्य ठरते. आणि तो खरा असेल तर ते अस्वल हिसकावून घेण्याचा आपल्याला काय अधिकार?

प्रथम या खेळण्याची जन्मकथा पाहू. नोव्हेंबर १९०२ मध्ये अमेरिकेचे अध्यक्ष थिओडोर रुझवेल्ट मिसिसिपी राज्यात अस्वलाच्या शिकारीला गेले होते. त्यांना अस्वल मिळेना. तेव्हा होल्ट कॉलियर या नामांकित शिकारी वाटाड्याने, जो जन्माने गुलाम होता, कुत्र्यांनी घेरलेले एक अस्वल पकडून झाडाला बांधले. बांधलेल्या जनावरावर गोळी झाडण्यास रुझवेल्ट यांनी नकार दिला. 'वॉशिंग्टन पोस्ट'मध्ये क्लिफर्ड बेरीमन यांनी त्यावर व्यंगचित्र काढले. ते पाहून ब्रुकलिनमध्ये मिठाईचे दुकान चालवणाऱ्या मॉरिस आणि रोझ मिचटॉम या दांपत्याने कापडी अस्वल शिवले आणि अध्यक्षांच्या 'टेडी' या लाडक्या नावाने विकायला ठेवले. त्याच सुमारास जर्मनीत मार्गारेट स्टाइफ यांच्या कारखान्यातही त्यांच्या पुतण्याच्या कल्पनेतून असेच अस्वल तयार झाले. मार्गारेटबाईंना लहानपणीच पोलिओ झाला होता. त्यांचे सारे आयुष्य चाकाच्या खुर्चीत गेले, पण त्यांनी शिवलेली खेळणी जगभर गेली.

या कथेचा शेवट मात्र सहसा सांगितला जात नाही. ते अस्वल वाचले नाही. ते घायाळ झाले होते, म्हणून त्याचे हाल संपवा असे रुझवेल्ट यांनीच सांगितले आणि त्याला सुरीने मारण्यात आले. म्हणजे ज्या दयेच्या गोष्टीतून टेडी जन्मला, ती गोष्टही अर्धीच खरी होती. तरीही शंभराहून अधिक वर्षे मुले त्याला छातीशी धरून झोपत आहेत. कारण मुलाला अध्यक्षांशी काही घेणे नसते. त्याला हवे असते ते वेगळेच.

ते काय, हे लंडनचे बालरोगतज्ज्ञ आणि मनोविश्लेषक डोनल्ड विनिकॉट यांनी १९५१ साली वाचलेल्या एका निबंधात मांडले. आई म्हणजे आपणच, असे तान्ह्या बाळाला आधी वाटत असते. हळूहळू त्याला कळते की आई वेगळी आहे, ती उठून जाते आणि हाक मारली तरी लगेच येत नाही. हे सत्य बाळाला एकदम पेलत नाही. मग ते चादरीचे टोक, लोकरीचा तुकडा किंवा मऊ खेळणे निवडते आणि त्याच्या आधाराने आईच्या नसण्याला तोंड देते. ती वस्तू म्हणजे आई नव्हे, हे त्याला ठाऊक असते. पण ती नुसती वस्तूही नसते. 'हे तुझ्या मनातले की बाहेरचे?' असा प्रश्न मुलाला विचारू नये, असे विनिकॉट सांगतात. शहाणी आई ते खेळणे मळले, त्याला वास येऊ लागला तरी धुण्याची घाई करत नाही, हेही त्यांनी टिपले आहे. तो वास गेला तर मुलाच्या दृष्टीने सारेच तुटते.

हे आपल्याला नवीन नाही. टेडी बेअर आपल्याकडे येण्याच्या कितीतरी आधी आपली मुले आईच्या पदराचे टोक मुठीत धरून झोपत होती. आजीच्या जुन्या लुगड्यांची गोधडी विटली, फाटली तरी मुलाला तीच लागायची. नवे ब्लँकेट कितीही उबदार असो, त्यात आजी नसायची.

स्पर्शाची ही भूक किती खोल आहे, हे अमेरिकेतील मानसशास्त्रज्ञ हॅरी हार्लो यांच्या प्रयोगांतून दिसले. त्यांनी १९५८ साली त्याविषयी लिहिले. आईपासून तोडलेल्या माकडाच्या पिलांना त्यांनी दोन खोट्या आया दिल्या. एक तारेची, दुसरी मऊ कापडाची. दुधाची बाटली तारेच्या आईला लावली, तरी पिले दूध पिण्यापुरती तिच्याकडे जात आणि उरलेला वेळ कापडाच्या आईला बिलगून राहत. भीती वाटली की तिच्याकडेच धाव घेत. आज आपल्याला हे प्रयोग क्रूर वाटतात, आणि ते क्रूर होतेच. पण पुढे जे दिसले ते प्रत्येक आईबापाने ध्यानात ठेवावे असे आहे. खऱ्या सोबतीविना वाढलेली ही माकडे मोठेपणी इतर माकडांत मिसळू शकली नाहीत. त्यांतल्या ज्या माद्या पुढे आया झाल्या, त्यांतल्या अनेकींनी आपल्या पिलांकडे पाठ फिरवली, काहींनी तर त्यांना इजा केली. कापडाने भीती शमवली, पण प्रेम करायला शिकवले नाही.

मग त्या दिलाशाला खोटा म्हणावे का? कॅनडातील एका लहान मुलीची हकीकत ऐका. पहिल्या महायुद्धात तिचे वडील लॉरेन्स रॉजर्स क्वीबेकमधली शेती सोडून आघाडीवर गेले. एलीनने आपले छोटेसे टेडी बेअर त्यांची राखण करण्यासाठी पाठवून दिले. ऑक्टोबर १९१७ मध्ये बेल्जियममधील पॅशनडेल येथील लढाईत ते मारले गेले. ते अस्वल त्यांच्याजवळ सापडले आणि घरी परत आले. आज ते ओटावा येथील कॅनडाच्या युद्ध संग्रहालयात आहे.

त्या अस्वलाने राखण केली का? नाही. ते करूच शकत नव्हते. पण चिखलाने भरलेल्या खंदकात खिशात हात घातला की त्या बापाच्या बोटांना काय लागत असेल? लोकर आणि भुसा नव्हे. आपल्या लेकीने स्वतःची सर्वांत लाडकी वस्तू आपल्याला दिली आहे, हे त्याच्या बोटांना लागत असेल. आम्हाला वाटते, आपल्या प्रश्नाचे उत्तर इथे आहे. वस्तू प्रेम निर्माण करत नाही, ती प्रेम वाहून नेते. तिच्यामागे कोणी माणूस असेल तर तिचा दिलासा खरा. मागे कोणीच नसेल तर ती तारेच्या आईपेक्षा थोडी मऊ, एवढेच.

हे पटले तर आपल्या वागण्यात काही गोष्टी यायला हव्यात.

पहिली, मुलाचे अस्वल हिसकावून घेऊ नये, लपवू नये, पाहुण्यांपुढे त्याची थट्टा करू नये. वेळ आली की मूल स्वतःच ते बाजूला ठेवते. आणि आपण मोठी माणसे तरी कुठे वेगळी आहोत? बंद पडलेले वडिलांचे घड्याळ आपण कपाटात जपतो. आईचा चष्मा आता कोणाच्याही उपयोगाचा नाही, तरी तो टाकवत नाही.

दुसरी गोष्ट अधिक कठीण आहे. पहाटेची लोकल पकडून रात्री परतणारे, बोटीवर किंवा परदेशात वर्ष वर्ष काढणारे अनेक आईबाप आपल्यात आहेत. त्यांचे कष्ट मुलांसाठीच असतात, त्यांना दोष देण्याचा आमचा हेतू नाही. दूर असलेल्या बापाने पाठवलेले अस्वल मुलाला खरोखरच धीर देते. पण घरी असतानाही 'हे घे आणि गप्प बस' म्हणून हातात खेळणे, आणि आता मोबाईल, देणे ही वेगळी गोष्ट आहे. तिथे वस्तू आपले प्रेम वाहून नेत नाही, ती आपली रिकामी जागा झाकते.

तिसरी गोष्ट आपल्या वृद्धांची. स्मृतिभ्रंश झालेल्या काही आजी-आजोबांना बाहुली किंवा मऊ अस्वल हातात दिले की त्यांची तगमग कमी होते. काहींना हा त्यांचा अपमान वाटतो. आयुष्यभर घर चालवलेल्या बाईच्या हातात खेळणे द्यायचे? ही शंका योग्य आहे. म्हणून ते लादू नये. त्यांनी स्वतः हात पुढे केला तर द्यावे. "आजी, बाळ झोपलं का गं?" असे विचारून आपापसांत हसू नये. त्यांना खोटे सांगू नये आणि खरे सांगून फटकारूही नये. "आजी, तुमची मुलं लहान असताना कशी होती?" असे विचारावे आणि शेजारी बसावे. आपण शेजारी बसलो तर ती बाहुली त्यांच्या आणि आपल्यामधला दुवा होते. तिला त्यांच्या हाती देऊन आपण निघून गेलो तर मात्र तो अपमानच.

या आठवड्यात घरातल्या मुलाला एकदा विचारून पाहा, "तुझ्या अस्वलाचं नाव काय? ते तुला का आवडतं?" आणि उत्तर पूर्ण होईपर्यंत ऐका. मुले अस्वलाच्या कानात जे सांगतात, ते बहुधा आपल्याला सांगायचे राहून गेलेले असते.