सुक्याबरोबर ओले

सुक्याबरोबर ओलेही जळते, ही म्हण आपण बहुधा सुस्कारा टाकून उच्चारतो आणि विचार तेथेच थांबवितो. ओले जळणे न्यायाचे होते काय, आणि ते सुक्याला लागून का पडले होते, हे आपण विचारीत नाही. नैर्ऋत्य पॅसिफिकमधील मेलानेशिया या द्वीपसमूहातील अँग्लिकन धर्मप्रांताच्या इतिहासात मात्र हे दोन्ही प्रश्न टाळता येत नाहीत.

या प्रांताचा आरंभ एका लेखनदोषातून झाला. १८४१ साली न्यूझीलंडचा बिशप नेमल्या गेलेल्या जॉर्ज ऑगस्टस सेल्विनच्या सनदेत चौतीस अंश दक्षिणेऐवजी चौतीस अंश उत्तर असे पडले, आणि शेकडो बेटे त्याच्या अधिकारात आली. सेल्विनने ही चूक कर्तव्य म्हणून पत्करली. बेटाबेटावर गोरे उपदेशक बसवावयाचे नाहीत, तर तेथील मुले जहाजातून शाळेत न्यावयाची आणि शिकवून परत पोचवावयाची, म्हणजे तीच आपल्या लोकांस शिकवितील, अशी त्याची योजना होती. १८६१ साली जॉन कोलरिज पॅटिसन मेलानेशियाचा पहिला बिशप झाला. त्यास वीसांहून अधिक बेटभाषा येत. १८६७ मध्ये त्याने शाळा नॉरफोक बेटावर हलविली. तेथे शिक्षण इंग्रजीत नव्हे, तर मोटा या बेटभाषेत चाले.

परंतु याच काळात दुसरीही जहाजे या समुद्रात फिरू लागली होती. क्वीन्सलंड आणि फिजी येथील मळ्यांना मजूर हवे होते. काही बेटकरी राजीखुशीने जात, काहींस फसवून वा बळाने नेले जाई. या व्यापारावर कायद्याचे नियंत्रण असावे, असे पॅटिसनने १८७१ च्या आरंभी लेखी कळविले. त्याच वर्षी २० सप्टेंबर रोजी नुकापू बेटावर तो एकटा उतरला आणि मारला गेला. त्याचे शव एका होडीत घालून सोडून दिलेले आढळले. सोबत पाच गाठी मारलेली माडाची झावळी होती. जोसेफ ॲटकिन आणि स्टीफन तारोआनिआरा हे त्याचे दोन सहकारी बाणांच्या जखमांनी पुढे मरण पावले. मजूर-जहाजाने नेलेल्या पाच माणसांचा हा सूड, असा त्या गाठींचा अर्थ पूर्वापार सांगितला जातो. अलीकडच्या काही संशोधकांस तो मान्य नाही. बिशपने मुले नेणे हेच बेटकऱ्यांस खुपले असावे, असे त्यांचे म्हणणे आहे.

मला वाटते, दोन्ही अर्थांचे मूळ एकच आहे. एक जहाज शाळेसाठी माणसे नेई, दुसरे मळ्यासाठी. दोहोंवर गोरे लोक, दोहोंत भेटवस्तू. भेद होता तो हेतूत; आणि हेतू किनाऱ्यावरून दिसत नाही. ज्याचा मुलगा परत आला नाही, त्याने तो भेद ओळखावा कसा?

यावर कोणी म्हणेल की, एकाच्या अपराधाबद्दल दुसऱ्यास धरले तर न्याय उरतच नाही. प्रत्येक दंगलीत मारेकरी हेच समर्थन देतो. हे अगदी खरे आहे. चौकशीस गेलेल्या ‘रोझारिओ’ या युद्धनौकेने बाण सुटताच नुकापूवर तोफा डागल्या, तेव्हा तिनेही बेटकऱ्यांचाच हिशेब चालविला. कोणी मारले हे न पाहता गाव धरले. १८७२ साली ब्रिटिश संसदेने या व्यापारास आळा घालणारा कायदा केला. ते उत्तर अधिक शहाणपणाचे होते.

तथापि दोष आणि दायित्व या दोन निराळ्या गोष्टी आहेत. दोष ज्याचा त्याचा. पण वाडवडिलांची इस्टेट घ्यावयाची आणि कर्ज मात्र नाकारावयाचे, हा व्यवहार आपल्याकडेही कोणी सभ्य मानीत नाही. आपल्या कुळाची, जातीची, विद्येची प्रतिष्ठा आपण न कमावता उपभोगतो. तिच्याच नावावर झालेल्या अन्यायाचा विषय निघाला म्हणजे मात्र आपण एकाएकी एकटी व्यक्ती होतो. पॅटिसनने असे केले नाही. १८६४ मध्ये सांता क्रूझ येथे त्याचे दोन तरुण सोबती बाणांनी घायाळ होऊन वारले, तेव्हा त्याने सूड मागितला नाही. आपल्या लोकांनी विश्वास गमावला आहे हे जाणूनही तो निःशस्त्र किनाऱ्यावर उतरत राहिला.

सेल्विनची योजना सफल व्हावयास शतक लागले. १९२५ साली ग्वादलकनालच्या इनी कोपुरिया या माजी पोलीस शिपायाने मेलानेशियन ब्रदरहुड हा बंधुसंघ स्थापिला. १९६३ मध्ये दोघे बेटकरी साहाय्यक बिशप झाले. १९७५ मध्ये हे धर्ममंडळ स्वायत्त झाले. पुढे १९९८ पासून ग्वादलकनाल आणि मलाइता येथील लोकांत यादवी माजली, तेव्हा या बंधूंनी दोन्ही बाजूंच्या मोर्चांमध्ये तळ दिला, आणि हत्यारे गोळा करून समुद्रात बुडविली. २००३ साली त्यांच्यापैकी एकजण बंडखोरांकडे गेला व परतला नाही. त्याच्या शोधार्थ गेलेले सहाजणही मारले गेले.

हे सात बंधू अजाणता सुक्याशेजारी पडलेले नव्हते. आग पुढे सरकू नये म्हणून ते मध्ये जाऊन उभे राहिले होते. असे उभे राहा, असे दुसऱ्यास सांगण्याचा अधिकार कोणासही नाही. स्वतःस विचारण्याचा अधिकार मात्र प्रत्येकास आहे, आणि नेतृत्व पत्करणाऱ्यास तो प्रश्न चुकविताही येत नाही.