सहीने अन्याय न्याय्य होतो काय?

दोन पक्षांनी राजीखुशीने सही केली, म्हणजे करार न्याय्य झाला काय?

१७६२ साली दक्षिण अमेरिकेतील सुरिनाममध्ये डच सत्तेने सारामाका लोकांशी तह केला. मळ्यांतून निसटलेल्या गुलामांचा हा समाज. त्याला स्वातंत्र्य लाभले. पण अट अशी की, पुढे पळून येणारे गुलाम पकडून परत द्यावेत. माणशी १० ते ५० फ्लोरिन मोबदला!

१९९३ साली आंतर-अमेरिकी मानवी हक्क न्यायालयाने स्पष्ट सांगितले, असला तह आमच्यापुढे आणता येत नाही. गुलामगिरीबंदी हा अनुल्लंघनीय नियम आहे. अशा नियमाविरुद्धचा तह, जुना असला तरी, रद्दबातल ठरतो, असे १९६९ चा व्हिएन्ना करार सांगतो.

ज्याला पकडून द्यायचे, त्याची सही कुठे होती? दुसऱ्याचे माणूसपण गहाण टाकण्याचा अधिकार स्वतंत्र झालेल्यालाही नाही.